पत्रीतला धोत्रा

मी त्या घराची पायरी चढलो तेव्हा घराचा कर्ता पुरुष ओसरीवर मांडी घालून बसला होता आणि बोटांच्या टोकांतून दोरा ओढत होता. दोरा कुठेच नव्हता. तरी तो मोठ्या निगुतीनं ओढायचा, दुसऱ्या हाताला गुंडाळायचा, मध्येच तुटला की गाठ मारायचा आणि पुन्हा ओढायला लागायचा. चेहरा लालबुंद, ओठ कोरडे ठाक, आणि डोळ्यांतली काळी बाहुली एवढी पसरलेली की बुबुळाचा रंगच दिसेना. मला पाहून तो म्हणाला, "या मामा, बसा. एवढं संपलं की पान लावतो." मी त्याचा मामा नव्हतो. तो शाळेत मास्तर होता आणि मला चांगला ओळखत होता.

मी तेव्हा कल्याणच्या सरकारी दवाखान्यात हॉस्पिटल असिस्टंट होतो. प्लेग यायच्या आधीची ही गोष्ट. गावात मला डाक्तर म्हणत, ठाण्याचे सिव्हिल सर्जन साहेब असिस्टंट म्हणत, आणि मुडदा फाडून घरी आलो की बायको काय म्हणे ते इथे लिहीत नाही. तिचंही बरोबर होतं. अंगणात अंघोळ केल्याशिवाय ती मला उंबरा ओलांडू देत नसे, आणि थंडीतसुद्धा पाणी तापवून ठेवण्याची तिची इच्छा दरवेळी असेच असं नाही. पण मला त्या कामाची गोडी होती. माणूस कशानं मेला हे कळेपर्यंत मला जेवण जात नसे, आणि कळलं की भूक लागे. स्वभावच तसा, त्याला काय करणार.

तर मास्तर दोरा ओढत होते आणि आत माजघरात त्यांची म्हातारी आई कांबळ्यावर पडून काहीबाही पुटपुटत होती. तिचेही डोळे तसेच. घशाला इतकी कोरड की पाणी तोंडात घातलं तरी गिळवेना. मी मोहरीचं पाणी पाजून उलटी काढायचा प्रयत्न केला, डोक्यावर गार पाण्याच्या घड्या ठेवल्या. मास्तर विहिरीपाशी आधीच ओकून आले होते, म्हणून ते वाचले. म्हातारी दिवेलागणीच्या आधीच गेली.

त्या घरात माणसं तीनच. दोघांना भ्रम झालेला आणि तिसरी धडधाकट. ती तिसरी म्हणजे मास्तरांची बायको, म्हातारीची सून. स्वयंपाकघराच्या दारात पदर डोक्यावर ओढून ती उभी होती, तिला काही म्हणता काही झालं नव्हतं. ओसरीखाली जमलेल्या बायाबापड्यांनी एवढ्यावरच निकाल लावून टाकला. सासूसुनेचं पटत नव्हतं हे सगळ्यांना माहीत होतं. कुणाचं पटतं हे मात्र कुणी सांगेना. खुनाचा आरोप शाबीत झाला असता तर त्या बाईला फाशी झाली असती, निदान काळं पाणी तरी.

विष कोणतं हे मला पायरीवरच कळलं होतं. बोटांतून दोरे ओढणं ही धोत्र्याची खूण. पण धोत्रा पोटात गेला कसा, हा खरा प्रश्न होता. दिवस ऋषिपंचमीचा. आदल्या दिवशी घरात गणपती बसला होता. गणपतीला जी पत्री वाहतात तिच्यात बेल, आघाडा, शमी असतात तसा धोत्राही असतो. म्हणजे विष त्या दिवशी गावातल्या प्रत्येक घरात देवापुढे ठेवलेलं होतं, आणि कुणाला त्याचं काही वाटत नव्हतं. दुसऱ्या दिवशी बायका पंचमीचं व्रत करतात आणि ऋषीची भाजी होते. बैलाच्या कष्टाचं काही चालत नाही, म्हणून परसातलं अळू, लाल माठ, भेंडी, शिराळं, भोपळा, हिरवी मिरची असं सगळं एकत्र शिजवतात. व्रत बायकांचं, पण भाजीवर ताव पुरुष मारतात. आमच्या घरीही तेच.

फौजदार आले ते दुसऱ्या दिवशी सकाळी. हे साताऱ्याकडचे, अंगानं आडवे, तोंडात सतत तंबाखू, पण डोकं चलाख. उगाच कुणावर हात उचलणारे नव्हते. त्यांनी पंच बोलावले, घरात शिरले आणि लगेच बाहेर आले. "डाक्तर," ते म्हणाले, "आत या आन् बघा. एवढं स्वच्छ घर मी दिवाळीला बी बघितलं न्हाई."

मी पाहिलं. चूल सारवलेली. जमीन शेणानं सारवलेली, अजून ओली. पातेली राखेनं घासून पालथी घातलेली. शिजलेलं अन्न टाकून दिलेलं, भरलेले पाण्याचे हंडे ओतून दिलेले. देव्हाऱ्यापुढचा चौरंग रिकामा. फौजदारांच्या डोळ्यांपुढे एकच चित्र होतं: गुन्हा झाला आणि गुन्हेगारानं रातोरात सगळा पुरावा पुसून टाकला. आणि पुरावा पुसला गेला होता हे खरंच होतं. फक्त तो सुनेनं पुसला नव्हता. घरात माणूस गेलं की शिजलेलं अन्न कोण ठेवतं, हंड्यातलं पाणी कोण ठेवतं? शेजारच्या काकू आणि त्यांच्या दोघी जावा येऊन धर्म म्हणून सगळं करून गेल्या होत्या. गणपती दीड दिवसाचाच होता, पण घरात प्रेत; म्हणून शेजारच्यांनीच तो उचलून तलावात विसर्जित केला. निर्माल्यही बरोबर गेलं. इतकी वर्षं मी पंचनामे पाहिले, पण आपल्या लोकांच्या सोवळ्यानं जेवढा पुरावा धुतला तेवढा कुठल्याच चोरानं धुतला नसेल. त्या दिवशी मला काकूंचा भयंकर राग आला. त्या बिचाऱ्या सकाळपासून उपाशी होत्या हे मागाहून कळलं.

"काकू, निर्माल्य कशातून नेलंत?" मी विचारलं.

"त्यांच्याच टोपलीतून. टोपली आणली की परत. टोपली कोण सोडतं पाण्यात?" काकू म्हणाल्या आणि अंगणातल्या कोपऱ्याकडे बोट केलं.

बांबूची टोपली होती, पाण्यात बुचकळून काढलेली. मी ती उन्हात धरली आणि भिंगातून तिची वीण एकेक करून पाहिली. तळाशी कामट्यांच्या सांध्यात दोन गोष्टी अडकल्या होत्या. एक लाल माठाचा देठ. आणि त्या देठाच्याही खाली दबलेला, म्हणजे निर्माल्य भरण्याआधीच पडलेला एक पानाचा तुकडा, कडा दातेरी, देठाशी एका बाजूला खाली उतरलेला. धोत्र्याचं पान असंच असतं, देठाशी दोन्ही बाजू सारख्या येत नाहीत. म्हणजे चतुर्थीची उरलेली पत्री आणि पंचमीची परसातली भाजी एकाच टोपलीत पडली होती. मी फौजदारांना ते दाखवलं. त्यांनी मान डोलवली, पंचांकडून टिपून घेतलं, आणि म्हणाले, "टोपलीत एकत्र व्हतं हे कबूल. पातेल्यात आपसूक गेलं की कुणी घातलं, हे टोपली सांगत न्हाई. धोत्रा माझ्या घरी बी हाय, डाक्तर. माझ्या घरी माणूस मेलं न्हाई."

मी दवाखान्यात गेलो आणि कामाला लागलो.

म्हातारीचं प्रेत तपासायचं म्हटल्यावर आळीतली शहाणी मंडळी मला समजवायला आली. व्रतस्थ बाई, वयानं एवढी, तिच्या पोटाला सुरी लावणार का? मी म्हटलं, सुरी लावली नाही तर सुनेच्या गळ्याला दोर लागेल, तुम्हाला काय बरं वाटतं ते सांगा. मंडळी निघून गेली. मी दवाखान्यामागच्या पत्र्याच्या शेडमध्ये दरवाजे सताड उघडे टाकून, भरपूर उजेडात, जठर उघडलं. त्यातलं अन्न मलमलीच्या फडक्यावर घेऊन हलक्या धारेखाली धुतलं आणि पांढऱ्या चिनी बशीत पसरलं. इथे घाई करून चालत नाही. शिजलेला पाला म्हणजे एकसारखा हिरवा लगदा दिसतो, पण पानाच्या शिरा सहसा विरघळत नाहीत.

शिजलेलं धोत्र्याचं पान कसं दिसतं हे मला पुस्तकात कुठे सापडलं नव्हतं. तेव्हा मी अळू, माठ, धोत्रा असं प्रत्येकी एकेक पान वेगवेगळ्या वाटीत उकळलं आणि भिंगाखाली ताडून पाहिलं. माठाच्या शिरा लाल राहतात. अळूच्या बहुतेक विरघळूनच जातात. धोत्र्याच्या मागच्या बाजूची शीर जाड आणि फिकट, शिजूनही उठून दिसते. तसे तुकडे बशीत होते, पुष्कळ होते. मला फार आनंद झाला. एक बाई मेली होती, दुसरीच्या गळ्याला दोर लागायची वेळ आली होती आणि मी वाटीतल्या पानावर खूश होतो. पण झाला होता आनंद, हे खोटं कसं सांगू.

तेवढ्यात फौजदार नाकाला उपरणं लावून आत आले. बशीवर वाकले आणि बोट रोखून म्हणाले, "ह्या बिया कसल्या?"

बिया होत्याच. बारीक, चपट्या, पिवळट. वाटमारे धोत्रा घालतात तो बियांचा. बिया कुटून पिठात, साखरेत मिसळतात. पान कुणी घालत नाही, कारण पान लपत नाही. बशीतल्या बिया धोत्र्याच्या निघाल्या असत्या तर चुकून पान पडल्याची सगळी गोष्ट तिथेच संपली असती. आणि मिरचीची बी धोत्र्याच्या बीसारखी इतकी दिसते की चांगले चांगले फसले आहेत.

मी एक बी चिमट्यात धरून वस्तऱ्यानं कडेनं उभी चिरली. आतला कोंब भिंगाखाली पाहिला. मिरचीत तो आतल्या आत गुंडाळलेला असतो. धोत्र्यात त्याचं टोक बाहेरच्या बाजूला वळलेलं असतं. पहिलीचा आत गुंडाळलेला निघाला. दुसरीचाही. मी प्रत्येक बी चिरली, एकही सोडली नाही, आणि फौजदार माझ्या खांद्यावरून एकेक पाहत राहिले. सगळी मिरची. शेवटची चिरून झाली तेव्हा त्यांनी उपरणं नाकावरून काढलं होतं, वास विसरले होते.

"म्हंजे पानं," ते म्हणाले.

"नुसती पानं."

"पानं बी कुणी मुद्दाम टाकू शकतं." त्यांचा आवाज मात्र आधीसारखा पक्का नव्हता.

मुंबईच्या सरकारी रसायनपरीक्षकांकडे नमुना पाठवायचा नियम होता. एका बरणीत जठर, दुसरीत यकृताचा तुकडा आणि मूत्रपिंड, वर बुडेपर्यंत स्पिरिट. तिसरी बाटली निव्वळ त्याच स्पिरिटची, म्हणजे उद्या कुणी म्हणालं की विष स्पिरिटातच होतं, तर त्याचं तोंड बंद. बुचावर कापड, कापडावर दोरा, दोऱ्याच्या गाठीवर लाख, लाखेवर ठसा, आणि त्याच ठशाचा नमुना वेगळ्या पाकिटात. वाटेत कुणी बरणी उघडली तर ठसा मोडतो. पोलीस शिपाई त्या बरण्या घेऊन गाडीत चढला तेव्हा त्याच्या तोंडावर असा भाव होता की मला हसू आलं. शेजारी बसलेल्या एका आजींनी त्याला लोणचं कुठलं म्हणून विचारलं, असं तो परत आल्यावर सांगत होता.

मुंबईचं उत्तर यायला वेळ लागणार. मला दम धरवेना. मास्तर दवाखान्यातच होते, भ्रम उतरत चालला होता, पण पंचमीच्या जेवणाचं त्यांना काही म्हणता काही आठवत नव्हतं. धोत्रा आठवणही खातो. त्यांची लघवी मी साठवून ठेवली होती. ती मंद आचेवर आटवली, औषधं घालून साफ केली आणि उरलेलं थोडं पाणी घेऊन मांजर शोधायला लागलो.

धोत्र्याचं विष डोळ्यात गेलं की बाहुली पसरते आणि उजेडातही मिटत नाही. रसायनशाळेतसुद्धा शेवटी हाच प्रयोग करतात आणि त्यासाठी मांजर लागतं. मांजर आमच्याकडे एकच होतं आणि ते बायकोचं होतं.

"माझ्या मनीला हात लावायचा नाही," ती म्हणाली.

"अगं, एक थेंब. दुखत नाही. चार दिवसांत डोळा पूर्वीसारखा."

"तुमच्याच डोळ्यात घाला की मग."

यात काही खोट नव्हती, पण माणसाचा डोळा मांजराइतका बोलका नाही. शेवटी मास्तरांच्या बायकोचं नाव घेतल्यावर हिनं मांजर स्वतःच मांडीत धरलं. मी एकाच डोळ्यात थेंब घातला. दुसरा तसाच ठेवला, नाहीतर ताडून कशाशी पाहणार? थोड्या वेळानं मनीला खिडकीत उन्हात ठेवलं. एक डोळा नेहमीसारखा, बारीक उभी रेघ. दुसरा काळा, गोल, भला मोठा. मनी दोन वेगवेगळ्या डोळ्यांनी आमच्याकडे पाहत बसली. बायकोला हसू आवरेना आणि मग ती मला चार शब्द बोलली.

ह्याच प्रयोगामुळे पुढचं घडलं. त्याच दिवशी फौजदार सुनेला घेऊन दवाखान्यात आले. तिनं नवऱ्यासाठी पेज आणली होती. तिला अजून अटक नव्हती, नुसती पाळत होती. दारातून आत येताना तिनं ऊन लागल्यासारखा उजवा डोळा हातानं झाकला. सावलीत आल्यावरही हात काढेना. मी बायकोला घरून बोलावलं, कारण परक्या बाईला वर बघ म्हणायची सोय नव्हती. बायकोनं तिचा पदर मागे केला, हात बाजूला केला, आणि माझ्याकडे वळून हळूच म्हणाली, "अहो, मनीसारखा."

उजव्या डोळ्याची बाहुली पसरलेली, डाव्याची नेहमीसारखी बारीक. भाजी खाल्ली असती तर विष रक्तातून दोन्ही डोळ्यांत गेलं असतं, सासूच्या आणि नवऱ्याच्या गेलं तसं. एकाच डोळ्यात गेलं म्हणजे बाहेरून गेलं. पानाचा रस बोटांना लागला आणि बोट डोळ्याला लागलं.

मी जे पाहिलं ते फौजदारांसमोर बोललो. बोलायलाच हवं होतं. त्यांनी ते ऐकलं, दोनदा विचारून पक्कं केलं आणि तिला अटक केली.

"हे बघा डाक्तर, तुम्हीच सांगितलं," ते मला बाजूला घेऊन म्हणाले. "एक, तिनं धोत्रा हाताळला. दोन, तिनं भाजी खाल्ली न्हाई. आणखी काय लागतं?"

"तिसरं तुम्ही विसरलात. तिनं तेच हात डोळ्याला लावले. विष कालवतोय हे ज्याला ठाऊक आहे तो आधी हात धुईल, मग डोळा चोळेल."

"ओली लाकडं, चुलीचा धूर. हात आपसूक जातो वर. खुनी माणसाला धूर लागत न्हाई व्हय?"

मला त्यांचा संताप आला, आणि त्यांचं म्हणणं खोडता येईना म्हणून जास्तच आला. दोघं एकाच डोळ्याकडे पाहत होतो आणि दोघांना तिथे वेगळी बाई दिसत होती. तिला फौजदारांनी दाराआडून विचारलं होतं, भाजी खाल्लीस का. काकूंनी आतून सांगितलं, नाही म्हणते. तेवढंच कागदावर होतं.

पितृपक्ष उलटून गेल्यावर मुंबईचं उत्तर आलं. पाठवलेल्या जठरात धोत्र्याचे विष आढळले, एवढी एकच ओळ. तिच्यात पान की बी, चूक की खून, यातलं काही नव्हतं, आणि रसायनात ते उतरणारही नव्हतं. पण त्या एका ओळीत सुनेला लटकवायची ताकद होती.

सुनावणी ठाण्याला मॅजिस्ट्रेटपुढे झाली. हे रावसाहेब आपल्याकडचेच, वृद्ध, कानानं थोडे मंद, पण एकेक शब्द दोनदा विचारणारे. मी टोपली दाखवली, पानं सांगितली, चिरलेल्या बियांचे तुकडे काचेवर डकवून नेले होते ते भिंगासकट त्यांच्या हातात दिले. त्यांनी ते भिंग इतका वेळ धरलं की कारकून चुळबुळ करायला लागला. डोळ्याचं मी सांगितलं आणि फौजदारांनी त्याचं आपलं उत्तर सांगितलं. रावसाहेबांनी दोन्ही ऐकून घेतलं.

"डाक्तर," ते म्हणाले, "विष कोणतं ते तुमच्या विद्येनं कळलं. पानातलं की बियांतलं तेही कळलं. बाईनं भाजी खाल्ली नाही हेसुद्धा तिच्या डोळ्यानं सांगितलं. का खाल्ली नाही, हे कळतं का?"

"नाही, रावसाहेब," मी म्हटलं. सगळं होतं माझ्यापाशी, आणि नेमकं हेच नव्हतं.

मग त्यांनी तिलाच विचारलं. ती कठड्याला धरून उभी होती, खाली बघत.

"बाई, तू भाजी का खाल्ली नाहीस?"

"उरली नव्हती."

त्यांना ऐकू गेलं नाही. कारकुनानं मोठ्यानं सांगितलं.

"उरली नव्हती म्हणजे? सगळी कुणी खाल्ली?"

"सासूबाई आणि हे पाटावर बसले होते. मी वाढत होते. सासूबाईंचा उपास होता, त्यांनी पोटभर घेतली. ह्यांना आवडली, ह्यांनी परत मागितली."

"मग तू जेवलीस कशाशी?"

"ताकाशी."

"त्या दिवशीच उरली नाही, की एरवीही असंच होतं?"

तिला प्रश्नाचा रोखच कळला नाही. तिनं पहिल्यांदा मान वर केली, रावसाहेबांकडे पाहिलं आणि म्हणाली, "सणाची भाजी कुठे उरते?"

फौजदारांचं तंबाखू चघळणं थांबलं. खुनाचा केवढा मोठा पुरावा म्हणून आम्ही जे धरून बसलो होतो ते आमच्या प्रत्येकाच्या घरी रोज दुपारी घडत होतं, आणि आमच्यापैकी एकाच्याही ते लक्षात आलं नव्हतं.

मास्तर साक्षीदारांच्या बाकावर होते. त्यांना काहीच आठवत नाही म्हणून त्यांना कुणी बोलावणार नव्हतं. ते आपणहून उठले. शिपाई त्यांना बसवायला पुढे झाला, रावसाहेबांनी हात करून त्याला थांबवलं.

"पातेलं," मास्तर म्हणाले. "मी तिसऱ्यांदा मागितली तेव्हा हिनं पातेलं तिरकं केलं आणि पळीनं खरवडलं. तो आवाज मी ऐकला होता. आत्ता आठवला. ऐकूनसुद्धा मी पान पुढे केलं."

रावसाहेबांनी आणखी काही विचारलं नाही. जी बाई स्वतःच्या वाट्याची भाजी नवऱ्याला वाढून टाकते ती न खाण्याचा बेत आधी करून बसत नाही. नवरा तिसऱ्यांदा मागेल हे तिला कुठून कळणार, असं काहीतरी त्यांनी लिहून घेतलं. पत्री आणि भाजी एका टोपलीत ठेवल्यानं झालेला अपघात, असा निकाल देऊन त्यांनी तिला सोडून दिलं. फौजदार माझ्याकडे आले, माझ्या पाठीवर थाप मारली आणि निघून गेले.

माझी बहीण नौपाड्यात राहत होती. मास्तर आणि त्यांची बायको दोघंही सकाळपासून उपाशी, म्हणून मी त्यांना तिच्याकडे जेवायला नेलं. आमचे पाट बाहेरच्या सोप्यात मांडले, मास्तरांची बायको आत बहिणीला मदत करायला गेली. बहिणीनं वांग्याची भाजी वाढायला आणली. मास्तरांनी पानावर आडवा हात धरला.

"आत आहे का?" त्यांनी विचारलं.

"आहे की, संकोच कसला करता," बहीण म्हणाली.

मास्तरांनी हात काढला नाही. "तिचं पान वाढलंत?"

"आधी तुमचं होऊ दे, मग आम्ही बसतोच."

"तिचं वाढा," मास्तर म्हणाले, "मग माझं." बहीण पळी हातात धरून माझ्याकडे बघत राहिली. काय चाललंय ते तिला कळेना. मी माझं पानही तसंच थांबवलं आणि तिला म्हटलं, आत जा आणि वाढ.